ओसरीवरचा कायदा : ‘सोमवारी या’

दिवाळी अंकाच्या संपादकांची मला दरसाल एकच विनंती असते : ‘यंदा जरा हलकेफुलके येऊ द्या.’ मागच्या दिवाळीत मी जिन्यातल्या चपलांच्या कपाटावरून दोन बिऱ्हाडांत जुंपलेल्या वादाची हकीकत लिहिली आणि पुष्कळांची करमणूक झाली, असे पत्रांवरून दिसले. यंदाही तसेच काहीतरी मनात घोळत होते. पण गणपती गेल्यावर एक पत्र आले. ते अजून मेजावर समोरच पडले आहे, आणि ते बाजूला सारून चपलांकडे वळणे काही केल्या जमेना. वाचकांनी क्षमा करावी.

पत्र पुण्याच्या एका भगिनींचे आहे. नाव-पत्ता त्यांनी दिला आहे आणि छापू नका असे दोनदा बजावले आहे. मजकूर थोडक्यात असा : घराजवळच्या एका पतसंस्थेत त्यांनी २ लाख ७५ हजार रुपये मुदतीने ठेवले. त्यांत काही त्यांच्या शिकवण्यांचे, काही आईच्या पाटल्या मोडून आलेले. मुदत गेल्या वर्षी श्रावणात भरली. तेव्हापासून त्या पतसंस्थेत जातात, व्यवस्थापक उठून खुर्ची देतो, पाणी देतो आणि म्हणतो, ‘ताई, सोमवारी या.’ पुढे त्या लिहितात, ‘यजमानांना ठेव ठाऊक आहे, ती अडकली आहे हे ठाऊक नाही. ते रागावणार नाहीत. ते काहीच बोलणार नाहीत, याची मला जास्त भीती वाटते. ग्राहक न्यायालयात गेले तर पैसे मिळतील का? की वकिलाची फी वर जाईल?’

‘सोमवारी या’ हे दोन शब्द वाचले आणि माझ्या पोटात गोळा आला. त्याचे कारण सांगायचे तर मला माझीच फजिती चव्हाट्यावर मांडावी लागेल. पण या भगिनींना खरे उत्तर द्यायचे तर दुसरा मार्ग नाही.

माझे थोरले बंधू माटुंग्याच्या रेल्वे कारखान्यात होते. २०११ साली ते गेले. वहिनींच्या हाती जी रक्कम आली, तीतले चार लाख कुठे ठेवावेत, असे त्यांनी मला विचारले. ‘भाऊजी, तुम्ही वकील माणूस. तुम्ही म्हणाल तिथे ठेवते.’ डोंबिवलीला त्यांच्या इमारतीच्या खालीच एका पतसंस्थेची कचेरी होती. संस्थेचे नाव मी सांगणार नाही. व्याज बँकेपेक्षा अडीच टक्के जास्त. त्याच संस्थेने आदल्या वर्षी दहावीच्या मुलांचा सत्कार केला होता आणि प्रमुख पाहुणा म्हणून मला बोलावले होते. शाल मिळाली, श्रीफळ मिळाले, आणि ‘काटकसर’ या विषयावर मी तब्बल पाऊण तास बोललो. त्या संस्थेचा ताळेबंद मी पाहिला नाही. लेखापरीक्षणात तिला कोणता वर्ग मिळाला, अ, ब, क की ड, हे विचारले नाही. शालीची ऊब अजून अंगावर होती ना! ‘ठेवा की,’ असे मी म्हणालो.

मार्च २०१२ मध्ये एकेक लाखाच्या चार पावत्या झाल्या. दोन वर्षांनी मुदत भरली, तेव्हा व्यवस्थापक म्हणाला, सहा महिन्यांसाठी नूतनीकरण करा, पाव टक्का वाढवून देतो. वहिनींनी जुन्या पावत्या दिल्या. देण्यापूर्वी कोपऱ्यावरच्या दुकानात जाऊन त्यांच्या छायाप्रती काढून घेतल्या, कारण बंधू हयात असताना विजेचे बिलसुद्धा छायाप्रत काढल्याशिवाय फाईलला लागत नसे. नव्या तीन पावत्या संगणकावर छापून आल्या. चौथीच्या वेळी ‘मशीन बंद पडले’ म्हणून ती हाताने लिहून, शिक्का मारून दिली. ही चौथी पावती वाचकांनी लक्षात ठेवावी.

सप्टेंबरात वहिनी पैसे काढायला गेल्या आणि सोमवार सुरू झाले. असे अकरा सोमवार गेले. बाराव्याला शटर अर्धे खाली होते. मग त्यांनी मला सांगितले. इतके दिवस का नाही बोललात, असे विचारले तर म्हणाल्या, ‘तुम्हाला वाईट वाटले असते.’

मी जन्मभर खरेदीखते आणि मृत्युपत्रे लिहिली. कोर्टाची पायरी चढलो ती हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. त्यामुळे मी पहिली गोष्ट केली ती चुकीची केली. अध्यक्षांच्या घरी गेलो. त्यांनी चहा दिला, सत्काराच्या दिवशीचा फोटो भिंतीवर दाखवला आणि सोमवारपर्यंत थांबायला सांगितले. मी थांबलो! थकलेली संस्था अशा वेळी काय करते, हे मला पुढे कळले. ओरडणाऱ्याला थोडे देते आणि सभ्य माणसाला चहा देते.

आता मूळ मुद्दा. पतसंस्था म्हणजे बँक नव्हे, हे आपल्यापैकी निम्म्या लोकांना पैसे अडकल्यावर कळते. आत काउंटर असतो, पासबुक असते, दारावर पिग्मीचा माणूस येतो. पण बँकेच्या ठेवीमागे जो विमा असतो, तो इथे नसतो. या विम्याची जन्मकथा ऐकण्यासारखी आहे. १९६० साली केरळातली पालई सेंट्रल बँक बुडाली आणि देशभर ठेवीदारांची झोप उडाली. त्यातून १९६१ चा ठेव विमा कायदा झाला आणि १ जानेवारी १९६२ पासून प्रत्येक ठेवीदाराचे दीड हजार रुपयांपर्यंतचे पैसे सुरक्षित झाले. पुढे सहकारी बँकाही त्या छत्राखाली आल्या. १९९३ साली मर्यादा एक लाख झाली आणि तिथेच अडकून बसली. सप्टेंबर २०१९ मध्ये पंजाब अँड महाराष्ट्र सहकारी बँकेवर निर्बंध आले आणि सुरुवातीला ठेवीदाराला फक्त एक हजार रुपये काढू दिले. तेव्हाचा तो हलकल्लोळ वाचकांना आठवत असेल. ४ फेब्रुवारी २०२० पासून मर्यादा पाच लाख झाली. २०२१ च्या दुरुस्तीने, रिझर्व्ह बँकेचे निर्बंध आल्यापासून ९० दिवसांत ही विम्याची रक्कम देण्याचे बंधन आले. हे सारे सहकारी बँकेला लागू आहे. पतसंस्थेच्या ठेवीदाराला यातला एक रुपया नाही. वहिनींना हे सांगताना मी त्यांच्याकडे पाहू शकलो नाही.

माझी पहिली बुद्धी सहकार न्यायालयाकडे धावली. महाराष्ट्र सहकारी संस्था कायदा १९६० सालचा. त्याच्या ९१ व्या कलमाप्रमाणे संस्था आणि सभासद यांच्यातले वाद सहकार न्यायालयात जातात, हे कॉलेजात पाठ केलेले. पण माझ्याकडे उमेदवारी केलेली एक मुलगी ठाण्याला स्वतःची वकिली करते. तिच्याकडे सल्ल्याला गेलो. (शिष्याकडे सल्ल्याला जाण्यात कमीपणा नाही; फी मात्र तिने घेतली नाही, हा तिचा मोठेपणा.) ती म्हणाली, ‘सर, ग्राहक मंचात का जात नाही?’ मी म्हणालो, ‘कलम ९१ चे काय करायचे?’ तेव्हा तिने मला भाताच्या पोत्यांची गोष्ट सांगितली.

तामिळनाडूत काही शेतकऱ्यांनी एका सहकारी पतसंस्थेकडे भाताची पोती तारण ठेवून कर्ज घेतले. पुढे पोत्यांवरून वाद झाला आणि शेतकरी ग्राहक मंचात गेले. संस्थेचे म्हणणे असे, की सहकार कायद्यात वाद सोडवायची सोय असताना ग्राहक मंचाने यात पडू नये. वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. डिसेंबर २००३ मध्ये न्यायालयाने सांगितले, की ग्राहक कायद्याचा उपाय हा दुसऱ्या उपायांच्या जोडीला दिलेला जादा उपाय आहे. सहकार कायद्यातल्या तरतुदीने मंचाचे दार बंद होत नाही. १९८६ च्या कायद्यात हे तिसऱ्या कलमात होते. नव्या, २०१९ च्या कायद्यात हीच तरतूद १०० व्या कलमात आहे. त्या पोत्यांच्या पुण्याईने आज पतसंस्थेचा ठेवीदार ग्राहक म्हणून उभा राहू शकतो.

आम्ही २०१५ च्या जानेवारीत ठाण्याच्या जिल्हा मंचात तक्रार दाखल केली. फी दोनशे रुपये. संस्थेबरोबर अध्यक्ष आणि आठ संचालकांचीही नावे घातली. तारखांबद्दल लिहीत बसत नाही. ज्याने एकदा तारीख घेतली आहे त्याला त्या चहाची चव ठाऊक आहे. दीड वर्षात वहिनी माझ्याबरोबर चौदा वेळा ठाण्याला आल्या, प्रत्येक वेळी डब्यात पोळी-भाजी आणि पिशवीत बिस्किटांचा तो पत्र्याचा डबा, ज्यात पावत्यांच्या छायाप्रती होत्या.

युक्तिवादाच्या दिवशी संस्थेच्या वकिलांनी अपेक्षेप्रमाणे तेच अस्त्र काढले. ‘या बाई नाममात्र सभासद आहेत. सभासद हा ग्राहक कसा?’ मी भाताची पोती काढणार, तोच वहिनी उभ्या राहिल्या. त्यांना कोणी बोलायला सांगितले नव्हते. ‘साहेब, सभासद असते तर लाभांश मिळाला असता. मला व्याजसुद्धा मिळाले नाही.’ मंचातल्या महिला सदस्या हसल्या. मग मी पोती काढली, पण खरे काम झालेले होते.

जून २०१६ मध्ये हुकूम झाला. चारही पावत्यांचे क्रमांक, तारखा आणि रकमा देऊन मंचाने संस्थेला पैसे नऊ टक्के व्याजाने परत करायला सांगितले. शिवाय मानसिक त्रासाबद्दल दहा हजार. वहिनींनी त्या दिवशी येताना ठाण्याहून पाव किलो पेढे घेतले. मीही खाल्ला एक. माझ्यासारख्या वकिलाने तरी तो खायला नको होता.

कारण संचालकांना मंचाने मोकळे सोडले होते. त्याला आधार होता. मुंबई उच्च न्यायालयाने २०१० साली असे म्हटले होते, की संस्था ही स्वतंत्र कायदेशीर व्यक्ती. संचालकांच्या खिशाला हात घालायचा तर आधी सहकार कायद्याप्रमाणे त्यांची जबाबदारी ठरली पाहिजे. या मुद्द्यावर सगळ्या ग्राहक मंचांचा सूर एकच नाही; पण आमच्या वाट्याला हा आला. म्हणजे हुकूम होता तो संस्थेवर, आणि संस्थेच्या तिजोरीत त्या वेळी काय असावे? पुढे पंचनाम्यात आले आहे : रोख ४१२ रुपये आणि तीन रबरी शिक्के.

जुन्या कायद्यात अशा हुकुमाची वसुली जिल्हाधिकाऱ्यांमार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी करून घेता येई. आम्ही तसा दाखला मिळवला. तो पाठवला न पाठवला, तोच नोव्हेंबरात निबंधकांनी संस्था गुंडाळण्याचा हुकूम काढला आणि अवसायक नेमला. दाखला परत आला. त्यावर शेरा : ‘संस्था अवसायनात. अवसायकांशी संपर्क साधावा.’

अवसायन हा शब्द आपल्या घरांत कोणी उच्चारत नाही, म्हणून थोडा खुलासा करतो. संस्था मेली, पण तिचा संसार अजून आवरायचा आहे. तो आवरणारा सरकारने नेमलेला माणूस म्हणजे अवसायक. कर्जदारांकडून वसुली करायची, मालमत्ता विकायची, देणेकऱ्यांचे दावे तपासायचे आणि जमेल ते सगळ्यांत प्रमाणात वाटायचे, हे त्याचे काम. आणि इथे १०७ वे कलम आडवे येते. संस्था गुंडाळण्याचा हुकूम झाला, की निबंधकांच्या परवानगीवाचून संस्थेवर वा अवसायकावर दावा चालवता येत नाही. जो हुकूम होण्यापूर्वी मंचात गेला आणि जो नंतर गेला, त्या दोघांच्या वाटेत एवढा फरक पडतो. आम्ही पाच महिन्यांच्या फरकाने अलीकडे राहिलो, ते माझ्या हुशारीने नव्हे.

अवसायकांची कचेरी त्याच इमारतीत, वरच्या मजल्यावरच्या सभागृहात होती. जिथे मला शाल मिळाली होती तीच खोली. खुर्च्या गेल्या होत्या, सत्काराच्या बॅनरचा एक कोपरा खिळ्याला लोंबकळत होता. अवसायक म्हणजे सहकार खात्यातले एक कष्टाळू, वैतागलेले गृहस्थ. त्यांच्याकडे अशा आणखी चार संस्था होत्या. त्यांनी खतावणी उघडली, बोट फिरवले आणि म्हणाले, ‘आजी, तुमच्या नावावर तीन लाख दिसतात.’

‘चार आहेत,’ वहिनी म्हणाल्या.

‘पुस्तकात तीन आहेत.’

हाताने लिहिलेली ती चौथी पावती! मशीन बंद पडले नव्हते. तो लाख पुस्तकात कधी चढलाच नव्हता. वहिनींनी डबा उघडला. अवसायकांनी पावती पाहिली, जुन्या पावतीची छायाप्रत पाहिली आणि मान हलवली. अशा हातलिखित पावत्या घेऊन आलेले ते दहावे की अकरावे ठेवीदार होते, आणि खरी कुठली, मागाहून केलेली कुठली, हे ठरवायचे कसे, असा त्यांचा प्रश्न होता. तो प्रश्न खोटा नव्हता. तेव्हा मी मंचाचा हुकूम पुढे ठेवला. चौथ्या पानावर चारही क्रमांक होते. संस्थेचा वकील हजर असताना, दोन्ही बाजू ऐकून, अधिकार असलेल्या मंचाने ते मान्य केले होते, आणि संस्थेने त्यावर अपील केले नव्हते. त्यांनी ते पान दोनदा वाचले. मग लाल शाईचे पेन काढून खतावणीत चौथी ओळ लिहिली. ‘याला मला नाही म्हणता येत नाही,’ असे म्हणाले.

त्या दिवशी मला त्या हुकुमाची खरी किंमत कळली. बुडालेल्या संस्थेविरुद्धचा ग्राहक मंचाचा हुकूम म्हणजे पैसे नव्हेत, हे मी पेढा पचल्यावर शिकलो होतो. पण तो हुकूम म्हणजे यादीतली जागा. वाटपाच्या दिवशी तुमचे नाव आणि आकडा त्या यादीत असायला हवा, आणि कोणाला ‘नाही’ म्हणता येऊ नये असा असायला हवा. बाकीच्या हातलिखित पावतीवाल्यांपैकी कित्येकांचे दावे पुढे दोन वर्षे लटकत राहिले.

आता पैसे आले कुठून, ते सांगतो. कारण भगिनींचा प्रश्न तोच आहे. थोडे कर्जदारांकडून. १०१ व्या कलमाखाली वसुलीचे दाखले निघाले आणि तारण असलेली काही घरे व दुकाने विकली गेली. पण बडी कर्जे संचालकांच्या सोयऱ्याधायऱ्यांना, विनातारण दिलेली होती. तिथे ८८ वे कलम उपयोगी पडले. संस्थेच्या पैशाचा गैरवापर कोणी केला याची चौकशी करून, त्या त्या माणसाच्या अंगावर रक्कम निश्चित करण्याची त्यात सोय आहे. हे काम ठेवीदाराला स्वतः करता येत नाही, पण निबंधकांच्या मागे लागता येते. आमच्या गल्लीतल्या सदतीस ठेवीदारांनी दर महिन्याच्या पहिल्या मंगळवारी जाण्याचा नेम धरला. सोमवार वहिनींनीच वगळायला लावला.

दुसरी गोष्ट पोलिसांकडची. महाराष्ट्रात ठेवीदारांच्या हितरक्षणाचा १९९९ सालचा वेगळा कायदा आहे. पोलीस त्याला इंग्रजी आद्याक्षरांवरून ‘एमपीआयडी’ म्हणतात. बँका आणि सरकारच्या मालकीच्या वा ताब्यातल्या सहकारी संस्था त्यातून वगळल्या आहेत. गल्लीतली पतसंस्था सुटत नाही. ठेवी लबाडीने बुडवणाऱ्यांना सहा वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. पण ठेवीदाराच्या दृष्टीने मोलाची गोष्ट निराळी आहे. संस्थेची, आणि वेळ पडल्यास प्रवर्तकांची व संचालकांचीही, मालमत्ता सरकार जप्त करू शकते आणि विशेष न्यायालयाच्या हुकुमाने ती विकून ठेवीदारांत वाटता येते. २०१७ साली गुन्हा नोंदला गेला. अध्यक्षांचा बदलापूरकडचा एक भूखंड आणि दोन सदनिका जप्त झाल्या. तो फोटो असलेली भिंत त्यांतल्याच एका सदनिकेतली.

एवढे सारे होऊन वहिनींना मिळाले काय? २०१९ साली मुद्दलाच्या पस्तीस टक्के, म्हणजे एक लाख चाळीस हजार. २०२३ साली आणखी पंधरा टक्के, साठ हजार. एकूण दोन लाख, निम्मे. व्याज शून्य, ते मानसिक त्रासाचे दहा हजारही शून्य. छायाप्रती, टपाल आणि रेल्वेभाडे मिळून खर्च २,३१५ रुपये, असे त्यांच्या वहीत लिहिलेले आहे. मी उरलेले दोन लाख माझ्या पदरचे देऊ केले, तेव्हा त्यांनी माझ्यापुढे वही ठेवली आणि म्हणाल्या, ‘यात तुमचे नाव कुठे आहे, दाखवा.’ त्यांचे वय आता अठ्ठ्याहत्तर आहे. तिसऱ्या हप्त्याची नोटीस निघेल असे अवसायकांच्या कचेरीतून सांगतात. तिसरे अवसायक आहेत हे.

आता पुण्याच्या भगिनींना.

ताई, आपण विचारले आहे, पैसे मिळतील का. सगळे मिळतील असे मी लिहिणार नाही. पण आपली संस्था अजून उघडी आहे, व्यवस्थापक अजून खुर्ची देतो. म्हणजे आपण माझ्या वहिनींपेक्षा पुष्कळ अलीकडे उभ्या आहात. हा फायदा सोमवारी सोमवारी झिजतो आहे. मूळ पावती कोणाच्या हाती देऊ नका आणि नूतनीकरणावर सही करू नका. पैसे मागणारे पत्र लिहून द्या आणि आपल्या प्रतीवर शिक्का-सहीची पोच घ्या. पोच देत नसतील तर टपालाने पाठवा. पूर्वी मी ‘रजिस्टर करा’ असे लिहीत असे. १ सप्टेंबर २०२५ पासून टपाल खात्याने रजिस्टर पोस्ट स्पीड पोस्टात मिळवून टाकले आहे, तेव्हा पोचपावतीसह स्पीड पोस्ट करा.

मग पाटी नीट वाचा. नावात ‘मल्टिस्टेट’ असेल तर पुण्याचा उपनिबंधक आपल्या कामाचा नाही. त्या संस्था २००२ च्या केंद्रीय कायद्याखाली दिल्लीच्या केंद्रीय निबंधकाकडे जातात. २०२३ च्या दुरुस्तीने तिथे सभासदांच्या ठेवींच्या तक्रारी ऐकायला सहकार लोकपाल नेमण्याची तरतूद झाली आहे. साधी पतसंस्था असेल तर उपनिबंधकाच्या कचेरीत जाऊन एवढेच विचारा, की संस्था गुंडाळण्याचा काही हुकूम निघाला आहे का. निघाला असेल तर आधी अवसायकांकडे दावा नोंदवा, आणि दुसरीकडे जाण्यापूर्वी निबंधकांची परवानगी मागा. निघाला नसेल तर वेळ न दवडता ग्राहक आयोगाकडे जा. मंचाचे नाव आता आयोग झाले आहे. २० जुलै २०२० पासून नवा कायदा चालतो. तक्रार आपण राहता त्या जिल्ह्यात करता येते. पाच लाखांपर्यंत फी नाही. वकील लावलाच पाहिजे असे नाही, आपली बाजू आपण मांडू शकता. माझ्या अनुभवाने सांगतो, कित्येकदा ती बरी मांडली जाते. मुदत दोन वर्षांची आहे. आपली पावती गेल्या श्रावणात भरली, म्हणजे वेळ आहे, पण फार नाही. उशीर झाला तर सबळ कारण दाखवून माफ करून घेता येतो. पण ‘व्यवस्थापक चांगला माणूस आहे’ हे सबळ कारण धरले जाईलच असे नाही.

हुकूम झाला आणि संस्थेने पाळला नाही, तर दिवाणी हुकूमनाम्यासारखी बजावणी मागता येते. शिवाय हुकूम मोडणाऱ्याला एक महिन्यापासून तीन वर्षांपर्यंत कैद किंवा पंचवीस हजारांपासून एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी ७२ व्या कलमात सोय आहे. संस्था जिवंत असेतोवर या कलमाची भीती उपयोगी पडते. अपील करायचे तर तिला हुकुमातली निम्मी रक्कम आधी भरावी लागते, हेही आपल्याच बाजूचे.

आणि आपल्यासारखे आणखी कोण कोण सोमवारी तिथे बसलेले असतात, त्यांची नावे व फोन लिहून घ्या. पुढे निबंधकांकडे किंवा पोलिसांत जायची वेळ आली, तर एकट्या बाईच्या अर्जापेक्षा तीस सह्यांचा अर्ज टेबलावरून लवकर हलतो.

राहिली यजमानांची गोष्ट. आपण पत्रासोबत पावतीची छायाप्रत पाठवली आहे, ती मी भिंगाखाली पाहिली. तिच्यावर नावे दोन आहेत : आपले आणि त्यांचे. तक्रारही दोघांच्या नावानेच करावी लागेल. मसुदा तयार करून मी कालच टपालात टाकला आहे. शेवटच्या पानावर सह्यांच्या दोन जागा पेन्सिलीने खूण करून ठेवल्या आहेत. उजवीकडची त्यांची.